कानानं रांधणारा

गल्लीत त्याला चिनप्पा म्हणायचे. खरं नाव गुरुलिंग. गाव अक्कलकोटच्या अलीकडचं. घरात कानडी, दारात मराठी, गळ्यात चांदीच्या डबीत इष्टलिंग, कपाळावर विभूतीची तीन बोटं. असा माणूस चिनप्पा कसा झाला, हे गल्लीत नवा आलेला भाडेकरू पहिल्याच आठवड्यात विचारायचा, आणि नळावर उभी असलेली कुठलीही बाई कमरेवरची घागर खाली न ठेवता सांगून टाकायची, "त्यो कोंबडी रांधतो. चिनी. सोत्ता खात न्हाई. घरात न्हाई रांधत, मागल्या शेडात. येकच टेबल हाय, आदल्या दिशी सांगाय लागतंय. आन् तिखाट घालत न्हाई, त्येचं पैसं घेतो."

एवढ्यात त्याचं सगळं चरित्र आलं. राहिला फक्त कंटाळा, आणि तो नळावरून दिसत नाही.

गुरुलिंगचा बाप लवकर गेला. आई नागव्वा दुसऱ्यांच्या रानात खुरपायला जायची. मिसरूड फुटायच्या आत तो मुंबईला गेला तो कापडाच्या दुकानात लागायला. पण दुकानदारानं आदल्याच दिवशी दुसऱ्या कुणाला ठेवलेलं. फिरत फिरत माझगावात एका खाणावळीच्या मागल्या दाराशी बसला, आणि दारातून एक बुटका, बनियनवरचा चिनी म्हातारा बाहेर आला, त्यानं याच्याकडं बघितलं आणि हातात खरकटी ताटं दिली. नोकरी लागली ती अशी. म्हाताऱ्याचं नाव फोंग. गाव कँटन. हिंदी त्याची स्वतःची होती, मुंबईनं त्यात फक्त शिव्या घातल्या होत्या.

पहिल्या सुट्टीत घरी आल्यावर गुरुलिंगनं आईला खरं काय ते सांगितलं. नागव्वानं भाकरी थापायचं थांबवलं नाही. भाकरी तव्यावर टाकली, पाणी फिरवलं, मग म्हणाली, "हाताला लागल्यालं धुता येतंय. जिभेला लागल्यालं कुटं धुनार?"

"मी खात न्हाई, अव्वा."

"आज खात न्हाईस. उद्या मालक म्हंनार, चाखून सांग. चाकरीच ती." तिनं भाकरी उलटली. "पोटासाठी हात लाव. जिभेला लावू नको. लिंगावर हात ठिवून सांग."

त्यानं सांगितलं. पुढल्याच उन्हाळ्यात नागव्वा गेली. जिवंत माणसाला दिलेला शब्द भांडून, रडून, पाया पडून थोडाफार सैल करून घेता येतो. मेलेल्या माणसाला दिलेला शब्द होता तिथंच राहतो.

फोंगच्या हाताखालची बाकीची पोरं तुकडा तोंडात टाकायची आणि सांगायची, झालं, नाही झालं. गुरुलिंगची पाळी आली की हा नुसता उभा. फोंगनं एकदा कारण विचारलं. ऐकून घेतलं. मग बराच वेळ दात कोरत बसला.

"जीभ बंद. ठीक," तो म्हणाला. "नाक खुला है?"

"है, उस्ताद."

"कान?"

"है."

"तीन दुकान में दो खुला है. बहोत है."

आणि त्यानं गुरुलिंगला भिंतीकडं तोंड करून उभं केलं. मागं स्वतः कढई तापवली. मरळ माशाचे पातळ काप तेलात सोडले आणि विचारलं, "अभी?" गुरुलिंग म्हणाला, हो. पाठीत झारा बसला. पुन्हा काप सोडले. "अभी?" गुरुलिंग गप्प. पाठीत झारा बसला. असं किती महिने चाललं ते पाठीलाच माहीत. पण एक दिवस त्याला ऐकू आलं. तेलात पडल्या पडल्या मासा भांडतो: चर्रर्र, तडतड, सगळी गल्ली गोळा करील असा. मग त्याचा आवाज उतरतो, सुनेनं सासूचं ऐकून घेतल्यावर स्वयंपाकघरात जाऊन करावी तशी बारीक कुरकुर सुरू होते. आणि मग गप्प. त्या गप्प होण्याच्या किंचित आधी काढायचा.

"चुप हुआ तो मर गया," फोंग म्हणाला.

"वो तो पहलेही मरा है, उस्ताद."

"दुसरी बार मर गया."

त्या दिवशी झारा बसला नाही. मिठाचा अंदाज हाताला होता, आल्याचा नाकाला, बाकी सगळा कारभार कानांवर. डोळ्यांचा यात काही उपयोग नाही; मासा कच्चा असो की वातड, वरून पांढरा तो पांढराच. माझगावातले चिनी कारपेंटर, बोटीवरचे खलाशी त्याच्या हातचं खाऊन मान हलवायचे, आणि त्यानं स्वतः काय केलं आहे हे त्यांच्या मानेवरून त्याला कळायचं. स्वतःच्या पोरीचं कौतुक शेजाऱ्यांकडून ऐकावं तसं.

मग चीनशी लढाई झाली. खाणावळीच्या पाटीवर दगड आले, फोंगला पोलीस चौकीत हजेरी लागली. तो चौकीत जायचा, यायचा, कांद्याची पात चिरायला बसायचा. बोलायचा कमी. गिऱ्हाईक एक एक करून तुटलं, आणि काही वर्षांनी फोंगनं सामान बांधलं; मुलगी कॅनडात होती. निघताना गुरुलिंगला दोन लोखंडी कढया दिल्या आणि म्हणाला, "गाव जाव. घर में एक टेबल लगाव. मेरा बाप ऐसाही करता था. पाटी नहीं, बोंब नहीं. एक टेबल. आदमी बोल के आयेगा, खायेगा, जायेगा."

गुरुलिंग एकोणीसशे सत्तर साली सोलापुरात आला. घर बायकोच्या माहेरचं, पूर्व भागाच्या कडेला. सावित्रम्मा एकुलती एक. वडिलांच्या मागं घर तिचं झालं होतं. घरामागं पत्र्याची शेड होती, पूर्वी तिथं भाड्यानं हातमाग चालायचा. त्यानं मागाचा खड्डा बुजवून त्यावर शेगडी मांडली, पुढल्या अर्ध्यात एक टेबल ठेवलं आणि मधे पडदा सोडला.

सावित्रम्मानं आपल्या अटी एका दमात सांगितल्या. "तितली भांडी हिकडं येनार न्हाईत. तितला विस्तव हिकडं येनार न्हाई. तुमी येताना मोरीवर आंगूळ करून धोतर बदलून येनार. आन् मी त्या उंबऱ्याच्या आत पाय घालनार न्हाई. आग लागली तर भाईरनं पानी टाकीन."

"बरं," गुरुलिंग म्हणाला.

"नुसतं बरं न्हाई. पाठ झालं का सांगा."

त्यानं पाठ म्हणून दाखवलं. शेडीच्या मागल्या दाराबाहेर, परसात, तिची जागा होती. तिथं बसून ती ज्वारी निवडायची, शेंगा फोडायची, चटणी कांडायची. इकडं उखळात मुसळ, तिकडं कढईवर झारा. असा दोघांचा संसार भिंतीच्या दोन बाजूंनी चालू झाला.

गिऱ्हाईक आलं. गिरणीतले साहेब, डॉक्टर, वकील, पेठेतले व्यापारी. हिप्परग्याच्या तळ्यातली जिवंत मरळ ओल्या पोत्यातून यायची, काळा सॉस मुंबईच्या गाडीनं. लोक नवलानं यायचे, टेबलाभोवती बसायचे, पहिला घास घ्यायचे, आणि त्यांच्या चेहऱ्यावर एक सभ्य दुःख पसरायचं.

सगळ्यात सभ्यपणा कमी होता तो मानसिंगरावांच्यात. टेंभुर्णीचे, चार ट्रकांचे मालक, आवाज पाचव्या ट्रकाचा. महिन्यातून एकदा तरी पाहुणे घेऊन यायचे, कारण सोलापुरात पाहुण्याला दाखवण्यासारखी ही एक वस्तू आहे असं त्यांचं मत होतं.

"मास्तर," ते पडद्याकडं तोंड करून म्हणायचे, "राग मानू नगा. पर ह्ये कसं लागतंय सांगू का? आजाऱ्याला बरं वाटाय लागल्यावं पयल्या दिशी देत्यात, तसं."

"ते तसंच असतंय, मानसिंगराव."

"असंल की. मी कुटं न्हाई म्हंतो? पर जरा काळा मसाला हाना की वरनं. लई न्हाई, चमचाभर. तर्री दिसली म्हंजी मानसाला जेवल्यागत वाटतंय."

पाहुणे नातेपुत्याचे असले तर भाकरी मागायचे. व्यापारी असले तर चटणी. शेवटी सावित्रम्माची शेंगाचटणी वाटीतून टेबलावर जाऊन बसली ती कायमची. लोक फोंगच्या बापाची कोंबडी त्या चटणीत बुडवायचे आणि म्हणायचे, आता कसं. गुरुलिंग पडद्याआड उभा राहून ऐकायचा. आधी वाईट वाटायचं. मग नुसतं ऐकू यायचं.

बहात्तरच्या दुष्काळात तळं आटलं. मरळ गेली, कोंबड्या गेल्या, पाहुणे गेले. टेबलावर धूळ बसली, आणि गुरुलिंग रस्त्याच्या कामावर मजुरांना सरकारी पिठाची सुकडी शिजवून द्यायला जाऊ लागला. एवढ्या मोठ्या कढईत पहिल्यांदाच असं काही रांधत होता की जे त्यालाही चालत होतं. पहिल्या दिवशी बोटभर चाखून बघितलं. बरं झालं होतं. पण त्यात ऐकण्यासारखं काही नव्हतं. सुकडी नुसती बद्द बद्द करते.

पाऊस झाला, तळं भरलं, टेबलावरची धूळ पुसली. आणि मग दोनेक वर्षांनी शेजारच्या मल्लेशमनं यंत्रमाग घेतले.

मल्लेशम पिढीजात विणकर. घरात तेलुगू, बाजारात त्याची स्वतःची मराठी, त्या मराठीत बाई आणि बुवा एकाच लुगड्यात. बिचाऱ्यानं हातमागावर पाठ मोडून घेतली होती. आता कर्ज काढून चार यंत्रमाग बसवले ते नेमके शेडीला लागून असलेल्या भिंतीशी. टॉवेल विणायचा. पहिल्या दिवशी नारळ फुटला, पेढे वाटले, आणि माग चालू झाले. खटक-खटक खटक-खटक. पत्र्यावरच्या चिमण्या उडाल्या त्या परत बसल्याच नाहीत.

गुरुलिंग पेढा हातात घेऊनच भिंतीपलीकडं गेला. "मल्लेशम, मला कढईचं ऐकू येत न्हाई."

"काय येत न्हाई?"

"कढई. तिचा आवाज."

मल्लेशमनं त्याच्याकडं प्रेमानं बघितलं. "मास्टर, कढई काय बोलते तुमच्याशी?"

"बोलती."

"माझी बायको पण बोलतो. मला पण ऐकू येत न्हाई आता. लई बरा वाटला." मग त्याचा चेहरा पाहून गंभीर झाला. "मी काय करू सांगा. वीज आला की माग चालला पायजे. वीज गेला की मी बी गेला."

यात खोटं काही नव्हतं. सुट्टीच्या दिवशी माग बंद असायचे, म्हणून गुरुलिंगनं टेबल सुट्टीच्या दिवसावर नेलं. मग मल्लेशमला मोठी ऑर्डर मिळाली आणि सुट्टी गेली. आता फोंगच्या तीन दुकानांतलं दुसरंही बंद पडलं. राहिलं नाक, आणि नाकाला कळतं ते सगळं होऊन गेल्यावर.

पहिल्यांदा मासा वातड झाला तेव्हा गुरुलिंगला पानात उरलेल्या तुकड्यावरून कळलं. नीट झालेली मरळ गार झाल्यावर हातानं उकलली तर पाकळ्या-पाकळ्यांनी सुटते. हिच्या दोऱ्या निघत होत्या, मल्लेशमच्या सुतासारख्या. तो पडद्याआड ते दोरे बोटांत धरून उभा राहिला. आता कुणीतरी म्हणेल.

पलीकडून मानसिंगराव म्हणाले, "मास्तर, आज जमलं बगा. आज माशाला माशागत चव लागली."

त्या दिवसापासून गुरुलिंगला खरा थकवा आला. चुकत होता आणि कौतुक होत होतं. कोंबडी कोरडी झाली की लोक दोनदा मागायचे. त्यानं झारा फिरवणं सोडलं नाही, पण आता तो एखाद्या जुन्या कारकुनासारखा रांधायचा: हात चालतो, माणूस तिथं नसतो. घरी आल्यावर सावित्रम्मानं काही विचारलं तर दुसऱ्या हाकेला ओ द्यायचा. "हितं त्ये माग," तो म्हणायचा. तीही म्हणायची, "व्हय, माग."

आणि रोज एक विचार त्याच्या मागं मागं असायचा: एक तुकडा दाताखाली धरला तर सगळं कळेल. एवढंच. तसं नसेल करायचं तर कढया पालथ्या घालाव्यात. चुकीचं रांधून वाढत राहायचं, हे तिसरं काही त्याला मंजूर नव्हतं. पण करत होता तेच.

असं असताना एक दिवस मानसिंगराव नवीन कवळी घालून आले. हसले की ट्रकच्या दिव्यासारखी चमकायची.

"पुन्याला बसवली," ते म्हणाले. "डाक्टर कोन हाय वळखा. चिनी. वान म्हनून हाय. मी म्हनलं, आवं डाक्टर, आमच्या सोलापुरात तुमच्या जातीचं रांधनारा हाय. तर त्यो म्हनला, येतो. रविवारी दुपारी घिऊन येतो बगा त्याला."

गुरुलिंग हातातला झारा ठेवून खाली बसला. फोंगची माणसं सुटल्यापासून त्याचं रांधलेलं समजणारा एकही माणूस त्या टेबलाला बसला नव्हता. आता एक येत होता. रविवारचं त्याला नीट जायला हवं होतं. नंतर काय व्हायचं ते होवो, हे एक.

तो मल्लेशमकडं गेला. मल्लेशम सुताची लड खांद्यावर घेऊन उभा होता.

"रविवारी दुपारी जरा वेळ माग बंद ठिव. मासा कढईत असंल तेवढा वेळ."

"मास्टर, ऑर्डर हाय. व्यापारी माझा चामडा काढतो."

"मी भिंतीवर झारा मारीन तवा बंद कर. दुसऱ्यांदा मारीन तवा चालू कर."

"किती वेळ?"

"मासा गप्प हुईस्तवर."

मल्लेशमनं डोकं खाजवलं. तेलुगूत देवाला काहीतरी विचारलं. "सरे," तो म्हणाला. म्हणजे बरं. "पन मासाला सांगा, लई बोलू नको म्हणून."

रविवारी मानसिंगराव पाहुण्याला घेऊन आले. डॉक्टर वान सडपातळ, पन्नाशीचे, पांढरा शर्ट, खिशात दोन पेनं. गुरुलिंगनं आंघोळ करून विभूती लावली होती. जेवायला बसा असं फोंग ज्या शब्दांत म्हणायचा ते शब्द सकाळपासून घोळवून घोळवून तयार ठेवले होते. हात जोडून म्हणाला, "सिक फान."

डॉक्टर वाननी मान किंचित तिरकी केली. "क्षमा करा हं," ते म्हणाले, "नीटसं लक्षात आलं नाही."

मराठी अशी की सदाशिव पेठेनंही उठून उभं राहावं. मानसिंगराव अभिमानानं इकडंतिकडं बघत होते, जणू ही मराठी त्यांनीच कवळीबरोबर बसवून घेतली. गुरुलिंग म्हणाला, "काही न्हाई. बसा." आणि पडद्याआड गेला.

सूप गेलं. आल्यातली कोंबडी गेली. त्यांचं कसंही निभावतं. मग त्यानं मरळीचे काप समोर घेतले, कढई तापवली आणि झारा उलटा धरून भिंतीवर मारला.

पलीकडं एक माग थांबला. मग दुसरा, तिसरा. चौथा जरा रेंगाळला आणि थांबला. टेबलावरचं बोलणंही आपोआप थांबलं. गुरुलिंगनं निम्मे काप तेलात सोडले आणि कान दिला.

खटक-खटक. खटक-खटक.

तो चिडला. भिंतीजवळ जाऊन ओरडला, "मल्लेशम, एक चालूच हाय."

"सगळा बंद हाय, मास्टर," भिंतीपलीकडून आवाज आला, लांबून आल्यासारखा. "पोरं बिडी प्यायला गेला. मीच हाय हितं एकटा. मासा बोलला का?"

गुरुलिंगनं दोन्ही तळहात कानांवर दाबले. खटक-खटक. हात काढले. खटक-खटक. माग बाहेर नव्हताच. समोर कढईत तेल उसळत होतं, काप नाचत होते, आणि त्याला काहीसुद्धा ऐकू येत नव्हतं; सिनेमात भोंगा बिघडल्यावर नुसती माणसं तोंड हलवतात, तसं. नाकाला कळलं तोवर काप तांबूस झाले होते. त्यानं ते काढून बाजूला टाकले.

उरलेले निम्मे ताटलीत होते. तेवढेच.

त्यानं एकच काप कढईत टाकला, अंदाजानं उचलला, झाऱ्यावर धरला. दाताखाली नुसता दाबायचा. गिळायचा नाही, थुंकून टाकायचा, चूळ भरायची. अव्वा जिभेला म्हणाली होती; दाताला म्हणाली नव्हती. हे मनात आल्या आल्या त्याला स्वतःची लाज वाटली. टेबलाला जेवायला येणारा शिवपुत्र वकील कोर्टात असंच बोलायचा, आणि नागव्वानं असल्या वकिलाला भाकरीचं पीठ लावलेल्या हातानं हाकललं असतं. पण झारा खाली गेला नाही. तो तोंडाजवळ आला. वाफ ओठांना लागली.

"याक्री?"

कानडीत, का हो म्हणून. आवाज जवळून होता, म्हणून कळला. मागल्या दारात सावित्रम्मा उभी होती. उंबऱ्याच्या बाहेर, पदर नाकाला, मांडीवरच्या शेंगांची टरफलं लुगड्याला तशीच.

"ठिवा त्ये," ती म्हणाली.

त्यानं ठेवलं. "सावित्रे, मला..."

"ठाव हाय. वरीस झालं ठाव हाय. मागाचं नाव सांगत व्हता, मी बी व्हय म्हनत व्हते. किती हाका मारल्यावं वळता तुमी, मला कळत न्हाई व्हय?" मग कढईकडं बघून, आणि लगेच दुसरीकडं बघून म्हणाली, "घाला. मी सांगते."

"तुला काय कळनार त्यातलं?"

"इतकी वर्सं हितं बसून काय नुसत्या शेंगा फोडल्या व्हय मी? त्या पुन्याच्या डाक्टराला उपाशी धाडायचा असंल तर बोलत बसा."

त्यानं काप सोडले. सावित्रम्मानं कढईकडं पाठ केली आणि परसातल्या पेरूच्या झाडाकडं बघत उभी राहिली. गुरुलिंगला फक्त तिची पाठ दिसत होती. ती पाठ ऐकत होती.

"वरडायलंय," ती म्हणाली. "अजून वरडायलंय. न्हाई, हात लावू नका." थोडं थांबली. "आता उतरलं. कुरबूर." आणि मग एकदम, "काढा."

"आत्ता?"

"काढा म्हंते की."

त्यानं काढले. वर चिरलेलं आलं, कांद्याची पात, गरम तेलाची धार. पडदा सरकवून स्वतः टेबलावर नेऊन ठेवलं आणि तिथंच उभा राहिला. असा तो कधी उभा राहायचा नाही.

डॉक्टर वाननी एक काप घेतला, सावकाश चावला, गिळला. गुरुलिंग त्यांच्या मानेकडं बघत होता. मान हलली नाही.

"छान आहे," डॉक्टर म्हणाले. "मऊ आहे अगदी. एक विचारू का? जरा फिकं नाही वाटत? नाही, त्याचं काय आहे, आम्ही मूळचे हुपे प्रांतातले. कँटनपासून फार लांब. आमच्याकडे तिखट लागतं. आणि मी तर जन्मलोच रास्ता पेठेत. घरी आमटीभातच असतो." त्यांनी टेबलावर नजर फिरवली. "ती वाटीत काय, चटणी आहे का?"

मानसिंगरावांनी वाटी पुढं सरकवली. "घ्या की. शेंगाची हाय. मी सांगतच व्हतो, ह्येनं चव येती."

डॉक्टरांनी काप चटणीत बुडवला, खाल्ला, आणि या वेळी मान हलली. "अप्रतिम," ते म्हणाले. "चटणी घरची वाटतं?"

"घरची," गुरुलिंग म्हणाला.

पाहुणे गेले तेव्हा ताटात एक काप उरला होता, चटणी न लागलेला. गुरुलिंगनं तो शेडीच्या मागल्या दारात आणला आणि गार झाल्यावर बोटांनी उकलला. पाकळी सुटली, तिच्याखाली दुसरी, तिसरी. माझगावात सुटायची तशीच. सावित्रम्मा परसात जाऊन बसली होती. त्यानं काप तिला दिसेल असा धरला, मग तिला ते बघायला आवडणार नाही हे लक्षात येऊन खाली घेतला.

"झालं का नीट?" तिनं विचारलं.

"झालं."

"डाक्टर काय म्हनला?"

"चटणी चांगली म्हनला."

सावित्रम्मा हसली नाही. शेंगांचं सूप पुढं ओढून टरफलं फुंकत बसली. तो उंबऱ्यावर टेकला. मग तिच्या तोंडाकडं बघत म्हणाला, "म्होरल्या खेपंला बी तू अशी दारात..."

"न्हाई." तिनं सूप थांबवलं आणि त्याला ऐकू जावं म्हणून सावकाश, एक एक शब्द सुटा करून बोलली. "आज तुमी त्ये तोंडाला लावत व्हता म्हनून आले. रोज न्हाई. त्येचं वरडनं, त्येचं गप हुनं. मी इतकी वर्सं ऐकायचं नसून ऐकलं. आता साकु."

साकु म्हणजे पुरे. गुरुलिंगनं मान हलवली. त्याला वाटलं होतं, हे कुणी म्हणालं की भांडण होईल, निदान छातीत काहीतरी तुटेल. तसं काही झालं नाही. दिवसभर डोक्यावर धरलेलं ओझं दुसऱ्या कुणी हात देऊन उतरवल्यावर मान कशी जागेवर यायला वेळ लागतो, तेवढंच झालं.

"मग बंद," तो म्हणाला.

"बंद."

भिंतीवरून मल्लेशमचं डोकं वर आलं. बिचारा इतका वेळ पलीकडं झाऱ्याची वाट बघत बसला होता. "मास्टर," त्यानं हाक मारली, मग दुसरी मारली. "मासा गप झाला का न्हाई अजून? माझा व्यापारी येतो आता."

"झाला," गुरुलिंग म्हणाला. "चालू कर."

"परत बंद करायचा असला तर सांगा."

"आता नगं. कवाच नगं."

मल्लेशमला यातलं काय कळलं कुणास ठाऊक, पण तो खाली उतरला. एक माग चालू झाला, दुसरा झाला, मग सगळे. पत्रा थरथरायला लागला. सावित्रम्मानं शेंगा गोळा केल्या, उठली आणि जेवायला वाढू का म्हणून विचारलं. तो पेरूच्या झाडाकडं बघत बसला होता. तिनं जवळ येऊन, खांद्याला न शिवता, पुन्हा विचारलं.

"वाढ," तो म्हणाला, आणि आंघोळीसाठी मोरीकडं गेला.